आंबेनळीच्या मोरीत पिशवी टाकणाऱ्या महाशयांस

महाशय,

नमस्कार लिहीत नाही, कारण तो मनात नाही. तुमचं नाव मला ठाऊक नाही. प्रतापगडचा फाटा मागे टाकून पोलादपूरकडे उतरताना एका वळणावर तुमची पांढरी गाडी क्षणभर थांबली, मागची काच खाली आली आणि गाठ मारलेली पिशवी डोंगराकडच्या गटारात पडली. मी हाक मारेपर्यंत तुम्ही पुढच्या वळणाआड गेला होतात. पिशवी मी सोडून पाहिली. पाण्याच्या बाटल्या, वेफर्सची पाकिटं, थर्माकोलच्या ताटल्या आणि एक डायपर. म्हणजे गाडीत लहान मूल होतं आणि त्याच्या देखत तुम्ही हा पराक्रम केलात.

ज्याला तुम्ही कचराकुंडी समजलात, ते मोरीचं तोंड होतं. डोंगरावरून येणारं पाणी रस्त्याच्या कडेच्या गटारात पडतं, गटारातून मोरीत येतं आणि रस्त्याच्या पोटाखालून दरीत जातं. घाटरस्ता टिकतो तो या वाटेवर. डांबर हा नुसता वरचा लेप. तुमची पिशवी तोंडाशी अडकली की तिच्यामागे पालापाचोळा अडकतो, त्यामागे गाळ, मग दगड. तुंबलेलं पाणी रस्त्यावर चढतं, पलीकडची साइडपट्टी खरवडून नेतं, डांबराच्या फटीतून खालच्या खडीत शिरतं. संरक्षक भिंतीमागे मुरलेलं पाणी भिंतीला बाहेर ढकलायला लागतं. रस्त्याची कड एका रात्रीत तुटलेली दिसते, पण ती कित्येक दिवस आतून पोखरली जात असते.

पूर्वी हे काम मैलकुली करायचे. आपापल्या टापूत, पावसाळ्याच्या तोंडावर, खोरं-घमेलं घेऊन एकेक मोरी मोकळी करायचे. भर पावसात डोक्यावर इरलं घेऊन पुन्हा फेरी मारायचे. आता मैलकुली क्वचित दिसतो. त्या दिवशी मी काठी आत घातली तेव्हा तुमच्या आधी येऊन गेलेल्यांच्या बाटल्या एकामागून एक निघाल्या, आणि शेवटची ओढल्याबरोबर मागचं काळं पाणी भसकन सुटलं. पावसाळा अजून सुरूही व्हायचा होता.

तुम्ही कुठल्या रस्त्यावर होतात, हे तरी माहीत करून घ्या. सुरूरहून निघून वाई, पाचगणी, महाबळेश्वर करत पोलादपूरला मुंबई-गोवा महामार्गाला मिळणाऱ्या राज्यमार्गाचा हा शेवटचा तुकडा. महाबळेश्वर ते पोलादपूर सुमारे 40 किलोमीटर, पण तेवढ्यात रस्ता तेराशे मीटरच्या आसपास खाली उतरतो. मोटाररस्ता होण्याआधी इथे पारघाट होता, रडतोंडीचा घाट होता. कोकणातलं मीठ आणि सुकी मासळी वर जायची, देशावरचं धान्य खाली यायचं. 1659 साली अफझलखानाची फौज जावळीच्या याच रानात उतरली आणि पारला तळ देऊन बसली. पुढे इंग्रजांनी महाबळेश्वर वसवलं. मुंबईचे साहेब जलमार्गाने सावित्रीच्या खाडीत येत आणि महाडवरून डोंगर चढत. त्यांच्या सोयीसाठी एकोणिसाव्या शतकात आंबेनळीचा गाडीरस्ता कोरला गेला आणि मुंबईचे गव्हर्नर फिट्झगेराल्ड यांचं नाव घाटाला मिळालं. साहेबांचं नाव पुसलं गेलं, आंबेनळी राहिलं, आणि त्याचा मला आनंद आहे. सुरुंग लावणाऱ्या, दगड घडवणाऱ्या मजुरांचं नाव मात्र कुठेच नाही. त्यांनी पाण्याला वाट ठेवून रस्ता केला. ती वाट बुजवायला तुम्हाला एक हात बाहेर काढणं पुरलं.

तुम्ही म्हणाल, एका पिशवीने घाट कोसळत नाही. खरं आहे. 22 जुलै 2021 च्या सुमारास महाबळेश्वरात चोवीस तासांत जवळपास 600 मिलिमीटर पाऊस पडला, तळियेसारखं गाव दरडीखाली गेलं, पोलादपूर तालुक्यात माणसं गाडली गेली आणि या घाटाचे तुकडे झाले. तशा पावसापुढे मोकळ्या मोरीचंही काही चाललं नसतं आणि त्याचा दोष मी तुमच्या माथी मारणार नाही. पण असा पाऊस रोज पडत नाही. दर आषाढ-श्रावणात पडतो तो नेहमीचा पाऊस झेलण्यासाठीच मोऱ्या आहेत, आणि त्या पावसात होणाऱ्या नासाडीत तुमचा वाटा आहे. 2021 मध्ये रस्ता कित्येक आठवडे बंद होता. तुमची सहल तेव्हा दुसरीकडे गेली असेल. वाडा कुंभरोशी आणि आसपासच्या गावांना दुसरीकडे जायला जागा नाही. दवाखाना, कॉलेज, बाजार, एसटी, सगळं याच रस्त्यावर. बाळंतिणीला न्यायची वेळ आली की घाट सुरू आहे का, हेच आधी विचारावं लागतं.

दरीचंही सांगतो, कारण बरेच जण गटाराऐवजी तिकडे भिरकावतात आणि कचरा नजरेआड झाला म्हणून निश्चिंत होतात. 28 जुलै 2018 ला दापोलीच्या कृषी विद्यापीठातल्या कर्मचाऱ्यांची बस याच घाटातून खाली गेली. एकच जण वाचला. बाकीच्यांना वर आणायला पोलादपूर-महाबळेश्वरकडची पोरं पावसात, धुक्यात, निसरड्या कड्यावरून दोर लावून उतरली. त्या दरीत तुम्ही ताटल्या फेकता. खाली सावित्रीचं खोरं आहे, पुढे महाड आहे, आणि त्या पाण्यावर माणसं जगतात.

बायका-पोरांना घेऊन तुम्ही पुन्हा याल, जरूर या. आमच्या टपऱ्या, हॉटेलं तुमच्यावर चालतात, हे मी विसरलेलो नाही. पण तुमच्या चहाच्या पैशांत मोरी बुजवायचा हक्क येत नाही. भरलेल्या बाटल्या घेऊन घाट चढता, तर रिकाम्या घेऊन उतरायला काय जड जातं? डिकीत एक पोतं ठेवा आणि उतरल्यावर कचरापेटीत रिकामं करा.

या खेपेला तुमचा नंबर टिपायचा राहिला. आता त्या वळणावरच्या टपरीत वही आणि पेन ठेवलं आहे. पुढची पिशवी पडली की पत्र येणार नाही, गाडीचा नंबर आणि फोटो पोलीस ठाण्यात जाईल.

आंबेनळी घाटातला एक रहिवासी