आधी ट्रे, मग केबल

चंद्रपूर जिल्ह्यातल्या मूलच्या राइस मिलमध्ये तांदळातले खराब दाणे वेगळे करणारी नवी सॉर्टेक्स मशीन आली की पूजा होते, नारळ फुटतो. मशीन लाखांची. तिला वीज नेणारी केबल मात्र शेडच्या अँगलला बाइंडिंग वायरने आवळलेली. वायरमनने केबल ट्रेचं नाव काढलं की उत्तर ठरलेलं असतं: "आधी मोटर चालू करून दे ना भाऊ, ट्रेचं मंग पाहू." ते 'मंग' काही उजाडत नाही. पुढच्या हंगामात आणखी एक एलिव्हेटर लागतो, आणखी दोन केबली त्याच अँगलवर चढतात.

काही जण ट्रेऐवजी जमिनीत नाली खणतात. या भागात वर्षाला हजार-बाराशे मिलिमीटर पाऊस पडतो. धानाच्या बांधीत पाणी थांबतं तसं नालीतही थांबतं. त्यात तूस सडतं, उंदीर घर करतात, उंदरांमागे साप येतात. मिलमध्ये केबल वरूनच न्यावी आणि ट्रेवरूनच न्यावी, हे माझं ठाम मत.

आणि ट्रे घेतलाच, तर तो कसा घेतात? दुकानात जायचं, "आठ इंची दे" म्हणायचं. आठ इंचच का, हे कोणी विचारत नाही. जरा हिशेब करू. पन्नास हॉर्सपॉवरची मोटर पूर्ण भारावर साधारण पासष्ट-सत्तर अँपिअर ओढते. केबल घेतली शंभर अँपिअरची. मालक निर्धास्त. पण कॅटलॉगमधले ते शंभर अँपिअर चाळीस अंश हवेतले आणि एकट्या केबलचे. चंद्रपूर जिल्ह्यात मे महिन्यात पारा पंचेचाळीसच्या वर जातो आणि पत्र्याखाली तर पन्नास सहज भरतात. पीव्हीसी केबलचं तांबं-अ‍ॅल्युमिनिअम सत्तर अंशांपलीकडे तापू द्यायचं नसतं, म्हणून पन्नास अंशांच्या हवेत तिची ताकद उरते ब्याऐंशी टक्क्यांच्या आसपास. त्यात तशाच सहा केबली एकमेकींना चिकटून झोपवल्या, तर त्याची पुन्हा पाऊणपट. शंभरची केबल साठीवर आली आणि मोटर अजून पासष्ट मागतेच आहे. फ्यूज उडत नाही, ब्रेकर पडत नाही, कारण तो शंभराच्या हिशेबाने बसवलेला. केबल आतल्या आत भाजत राहते.

आता याच सहा केबली दोघींमध्ये एका केबलीइतकी जागा सोडून, एका थरात ठेवा. पाऊणऐवजी दहात नऊ हिस्से ताकद शिल्लक राहते आणि तीच केबल सत्तरच्या वर जाते. केबलची जाडी तीस मिलिमीटर धरली, तर सहा केबली आणि मधल्या पाच फटी मिळून तीनशे तीस मिलिमीटर होतात. उद्याच्या वाढीची जागा धरून साडेचारशेचा ट्रे लागतो. दुकानातला आठ इंची म्हणजे दोनशेचा. केबल मावते तेवढा ट्रे, हा सगळा घोळ इथून सुरू होतो.

ट्रेचा प्रकारही मिल पाहून निवडावा. कोंड्यात तेल असतं. तो बारीक उडतो, केबलवर बसतो, थर धरतो. हवा लागत नाही, उष्णता अडकते, आणि वर हा थर स्वतः जळणारा. म्हणून बंद तळाचा ट्रे इथे नको. शिडीचा घ्यावा, पॉलिशरच्या बाजूला तर तो भिंतीवर उभा, कडेवर बसवावा, म्हणजे कोंड्याला बसायला सपाट जागाच कमी मिळते. उकड्या तांदळाची मिल असेल तर बॉयलर आणि वाफेच्या बाजूला पातळ मुलामा चालत नाही, वितळलेल्या जस्तात बुडवून काढलेला ट्रेच टिकतो. तो साइटवर कापला की कापलेल्या कडेला जस्ताचा रंग लावायलाच हवा, नाहीतर गंज तिथूनच शिरतो.

आधार दीड मीटरवर हवेत. पैसे वाचवायला तीन मीटरवर टाकले, तर ट्रेचा झोल दुप्पट होत नाही, सोळापट होतो. आणि वळणावर ट्रेला चीर देऊन, वाकवून काटकोन करायची सवय सोडा. तीस मिलिमीटरच्या आर्मर्ड केबलला वळायला जाडीच्या बारापट, म्हणजे साडेतीनशेहून जास्त त्रिज्या लागते, तयार बेंड त्यासाठीच मिळतो. जोडाच्या बोल्टचं डोकं आत, नट बाहेर. उलटं झालं तर आट्यांच्या टोकावर केबलचं कातडं सोलतं. प्रत्येक जोडावर अर्थिंगची पट्टी. सॉर्टेक्सच्या सिग्नलच्या वायरी मोटरच्या केबलीपासून फूटभर दूर, वेगळ्या ट्रेत.

सर्वांत दुर्लक्षित जागा म्हणजे पॅनेल रूममधून ट्रे मिलमध्ये शिरतो ते भिंतीतलं भोक. तिथे बारदाना कोंबलेला मी पाहिलाय. 22 मार्च 1975 रोजी अमेरिकेतल्या अलाबामा राज्यात ब्राउन्स फेरी अणुवीज केंद्रात अशाच भोकातून हवा गळते का हे बघायला कामगारांनी मेणबत्ती धरली. भोक बुजवायला वापरलेला फोम पेटला, आग ट्रेमधून भिंतीपलीकडे गेली, सात तास जळली आणि सोळाशेवर केबली निकामी झाल्या. अणुभट्टीवर नियंत्रण ठेवणाऱ्या केबली त्यांत होत्या. त्यानंतर केबलीच्या वाटा आणि भोकं यांचे नियम जगभर कडक झाले. चंद्रपूरच्या 2920 मेगावॉटच्या औष्णिक केंद्रासारख्या ठिकाणी ट्रेचा मार्ग नकाशावर आधी आखला जातो. मिलच्या भोकातला बारदानाही सहज पेट घेतो. न पेटणारा लेप मागवा, भोक दोन्ही बाजूंनी बुजवा, उंदरांचा रस्ताही त्यानेच बंद होतो.

नवं धान दिवाळीच्या आगेमागे येईल. त्याआधी मिल थंड असते तेव्हाच हे काम होतं. परवानाधारक कंत्राटदाराकडून कोटेशन घेताना 'वायरिंग एकूण' अशी एक ओळ घेऊ नका. ट्रेची रुंदी, पत्र्याची जाडी, जस्ताचा प्रकार, आधारांमधलं अंतर, बेंडची संख्या, अर्थिंग आणि भोकाचा लेप, प्रत्येकाची वेगळी ओळ मागा. एका ट्रेवर किती केबली आणि कशा ठेवणार, हे कागदावर काढून घ्या. कागद नसेल तर आगाऊ रक्कम देऊ नका.