चेहरा तेवढा धूसर करा

इमर्जन्सीतल्या डॉक्टरांना टीव्हीवर झळकायचेच असेल, तर ‘अनटोल्ड स्टोरीज ऑफ द ईआर’चा मार्ग त्यातल्या त्यात सभ्य. 2004 साली सुरू झालेल्या या अमेरिकी मालिकेत खरे डॉक्टर स्वतःचीच भूमिका करतात. विव्हळायला बहुतेक वेळा नट असतो. निदान त्याला विव्हळण्याचे पैसे तरी मिळतात!

पण फुकटचा रुग्ण आयता मिळत असताना नट कोण आणणार? 2011 मध्ये न्यूयॉर्कमध्ये ट्रकखाली सापडलेल्या एका वृद्धाचे अखेरचे क्षण ‘एनवाय मेड’ या टीव्ही मालिकेच्या कॅमेऱ्याने टिपले. पुढच्या वर्षी त्याच्या पत्नीने ते घरच्या टीव्हीवर पाहिले. चेहरा धूसर होता, आवाज बदललेला होता, तरी तिने ओळखले. रुग्णांचे असे चित्रण होऊ दिल्याबद्दल न्यूयॉर्क-प्रेस्बिटेरियन रुग्णालयाने 2016 मध्ये 22 लाख डॉलर भरले.

आपल्या तेव्हाच्या मेडिकल कौन्सिलचा 2002 चा नियमही सांगतो, की ओळख पटेल अशा रीतीने रुग्णाचा फोटो त्याच्या परवानगीशिवाय छापू नये. म्हणजे ओळख झाकली की काम झाले. बायको नवऱ्याला फक्त तोंडावरून ओळखते, असा नियम करणाऱ्यांचा समज दिसतो.

पुढे 2 ऑगस्ट 2023 ला नवे नियम आले. रुग्णांचे फोटो, शस्त्रक्रियेचे व्हिडिओ समाजमाध्यमांवर टाकू नका, असे डॉक्टरांना बजावले गेले. 23 ऑगस्टला अख्खी नियमावलीच स्थगित! तीन आठवड्यांचे ते बाळ, पण त्याला वाचवायला एकही इमर्जन्सी धावली नाही.

डॉक्टरांना तरी एकट्यांना का बोला? 2019 मध्ये मुझफ्फरपूरला मेंदूज्वराने मुले दगावत होती आणि वृत्तवाहिनीचा माइक थेट आयसीयूत घुसून कामात असलेल्या डॉक्टरला जाब विचारत होता. डॉक्टरने आधी सलाईन लावायचे की आधी बाइट द्यायचा?

आमच्या जबलपूरला तर वाहिनीचीही गरज नाही. सिव्हिल लाइन्सच्या चौकात स्कूटर घसरू द्या, उचलायला दोन हात येतात आणि शूटिंगला वीस. जखमीला धरून उठवणाऱ्यालाच वर ऐकवतात, “बड्डे, जरा हटो तो, फ्रेम में आ रहे हो!” जखमी व्हिक्टोरिया रुग्णालयात पोचेपर्यंत व्हिडिओ नागपूरच्या आत्याकडे पोचलेला असतो. आत्या आधी रडते, मग फॉरवर्ड करते.

या सगळ्या खेळात डॉक्टरला प्रसिद्धी मिळते, वाहिनीला टीआरपी, चौकात शूटिंग करणाऱ्या पोराला लाइक्स. संमती विचारायची राहते ती फक्त स्ट्रेचरवरच्या माणसाला, कारण तो बेशुद्ध असतो. आणि बेशुद्ध माणूस नाही म्हणत नाही, हीच त्याची संमती धरली जाते.

म्हणून नवा नियम सोपा ठेवावा. ज्याला शूटिंग करायचे आहे त्याने आधी स्वतः त्या खाटेवर झोपावे, नर्सकडून कात्रीने कपडे कापून घ्यावेत आणि कॅमेरा दुसऱ्याच्या हाती द्यावा. मग ‘कट’ म्हणायची घाई कोणाला होते ते पाहू.