वयाच्या दोन पावलं पुढे

बाईचं वय आणि पुरुषाचा पगार विचारू नये, असं म्हणतात. त्यातून ती बाई नटी असली, तर तिचं वय दरवर्षी वाढेलच याचीही खात्री नसते. इटालियन नटी सोफिया लॉरेनने मात्र हा हिशेब उलटाच मांडला.

जन्म १९३४ सालचा, रोमचा. बालपण नेपल्सजवळच्या पोत्सुओली गावात, युद्धाच्या उपासमारीत. पोरगी इतकी हडकुळी की बरोबरीची पोरं तिला ‘दातकोरणं’ म्हणून चिडवत. १९५० च्या मिस इटली स्पर्धेत मुकुट दुसरीलाच मिळाला. परीक्षकांनी हिच्यासाठी ‘मिस एलेगन्स’ असा वेगळा किताब काढला. म्हणजे आपल्या भाषेत, उत्तेजनार्थ!

चारच वर्षांत दिग्दर्शक व्हित्तोरियो दे सिकाच्या ‘द गोल्ड ऑफ नेपल्स’ या चित्रपटात ती तळलेले पिझ्झे विकताना दिसली. आज खा, पैसे आठ दिवसांनी द्या. नवऱ्याने दिलेली अंगठी ती विसरते प्रियकराच्या घरी आणि सांगते, कणकेत पडली असेल. बिचारा नवरा भर पावसात गिऱ्हाइकांची दारं ठोठावत हिंडतो. अंगठी सापडल्यावर ही बाई पावसातून अशा तोऱ्यात चालत येते, की आठ दिवसांची उधारी आपणच माफ करून टाकावी.

मग आला ‘टू विमेन’. त्यात आईच्या भूमिकेसाठी आधी विचार झाला होता तो नटी आन्ना मान्यानीचा. सोफिया व्हायची होती मुलगी. मान्यानीने नकार दिला आणि पंचविशीतली सोफिया सरळ आई होऊन उभी राहिली. ज्या वयात नट्या आईची भूमिका ऐकूनच दार लावून घेतात, त्या वयात! त्या आईला १९६२ साली ऑस्कर मिळालं. इंग्रजीखेरीज दुसऱ्या भाषेतल्या अभिनयाला मिळालेलं ते पहिलंच. घ्यायला मात्र बाई गेल्या नाहीत. हरले तरी चक्कर येईल आणि जिंकले तरी, म्हणून रोमलाच राहिल्या.

१९६३ च्या ‘यस्टरडे, टुडे अँड टुमारो’मध्ये ती एकेक वस्त्र उतरवते आणि पलंगावरचा तिचा सहनायक मार्चेल्लो मास्त्रोयान्नी लांडग्यासारखा ओरडतो. १९९४ साली रॉबर्ट ऑल्टमनच्या ‘प्रेता-पोर्ते’त दोघांनी तोच प्रसंग पुन्हा केला. ती साठीला टेकलेली, तो सत्तरीला. तिचा ठसका तोच. या वेळी मार्चेल्लो मात्र घोरायला लागला. वय दोघांचंही झालं होतं, पण झोप कुणाला लागली ते सगळ्या जगाने पाहिलं.

२०२० साली, शहाऐंशीव्या वर्षी, मुलगा एदोआर्दोच्या दिग्दर्शनाखाली ‘द लाइफ अहेड’मध्ये ती मादाम रोझा झाली, दुसऱ्यांची पोरं सांभाळणारी थकलेली म्हातारी. या भूमिकेसाठी तिला म्हातारपणाशी नव्याने ओळख करून घ्यावी लागली नसेल. पंचविशीतच आई होऊन ती वयाच्या दोन पावलं पुढे निघाली होती. म्हातारपण तिला गाठत नव्हतं, तीच वाटेत त्याची वाट पाहत थांबली होती. वय चोरणाऱ्यांना ते लपवण्यातच निम्मं आयुष्य घालवावं लागतं. हिने तो वेळ वाचवला आणि कामाला लावला.