ब्रूनोचे बाबा

सोसायटीच्या भागधारकांच्या यादीत त्यांचे एक नाव आहे आणि वीजबिलावरही तेच आहे, पण ते कोणाच्या तोंडी नाही. कोथरूडमधल्या आमच्या या जुन्या सोसायटीत ते ‘ब्रूनोचे बाबा’ आहेत. कुत्रा पाळला की माणसाचे असेच होते. पाटबंधारे खात्यातून अभियंता म्हणून निवृत्त झालेल्या, एके काळी कंत्राटदारांना घाम फोडणाऱ्या गृहस्थाला दुसरीतली पोरे लिफ्टमध्ये ‘ओ ब्रूनोचे बाबा’ म्हणतात आणि तो गृहस्थ खुशीने ‘बोला’ म्हणतो.

कुत्रेवाल्यांतही पोटजाती असतात. एक खाण्यातले: त्यांच्याशी बोलताना भोपळा, भात आणि उकडलेली अंडी यांच्यापलीकडे जाता येत नाही. एक शिस्तीतले: ते कुत्र्याशी इंग्रजीत बोलतात आणि कुत्रा कोणत्याच भाषेत ऐकत नाही. ब्रूनोचे बाबा दातवाले. हा प्रकार अलीकडे वाढीला लागला आहे. ओळखायची खूण सोपी. समोरून कुत्रा आला की आपण विचारतो, “चावतो का हो?” दातवाला खाली बसून त्याचा वरचा ओठ उचलतो. चावतो की नाही हे त्याच्या लेखी गौण, कशाने चावतो हे महत्त्वाचे.

“बेचाळीस!” हा त्यांचा पहिला शब्द. मोठ्या कुत्र्याला बेचाळीस दात असतात, वर वीस आणि खाली बावीस. आपल्याला बत्तीस, तेही अक्कलदाढा आल्या तर, असे म्हणून ते समोरच्याकडे जरा रोखून बघतात. पिल्लाचे दुधाचे दात अठ्ठावीस आणि ते सहा-सात महिन्यांत पडून जातात. बहुतेक पिल्ले ते गिळून टाकतात, त्यामुळे मालकाला पत्ताही लागत नाही. ब्रूनोचे चार दात मात्र त्यांनी सतरंजीवरून वेचले आणि ते सासूबाईंच्या चांदीच्या कुंकवाच्या डबीत ठेवले आहेत. स्वतःच्या मुलाचे दात त्यांनी रीतीप्रमाणे कौलांवर भिरकावले होते. मुलगा हल्ली टोरांटोहून फोन करतो तेव्हा या डबीचा विषय घरात काढत नाहीत.

संध्याकाळी साडेसहाला पार्किंगच्या कोपऱ्यात दंतसेवा सुरू होते. ब्रूनो हा लॅब्राडोर, म्हणजे खाण्याच्या बाबतीत तत्त्वशून्य, त्यामुळे पेस्टची ट्यूब दिसताच तो स्वतः येऊन बसतो. त्यालाही सुरुवातीला हे जमत नव्हते. आधी नुसते बोटावरची पेस्ट चाटणे, मग बोटाला पातळ फडके गुंडाळून हिरडीवरून फिरवणे, मग बोटात घालायचा रबरी ब्रश आणि शेवटी मऊ केसांचा खरा ब्रश, अशी महिनाभराची चढण त्यांनी चढवली. घाई केली की कुत्रा तोंडच मिटून घेतो आणि मग जन्मभर ब्रश बघून पलंगाखाली जातो, हे त्यांचे मत. ब्रश हिरडीच्या कडेला पंचेचाळीस अंशांत धरायचा. आतली बाजू घासायच्या भानगडीत पडायचे नाही, तिथे जीभ बरेच काम करते. बाहेरची बाजू महत्त्वाची आणि त्यातही वरच्या जबड्यातल्या मागच्या मोठ्या दाढा. लाळेची नळी त्यांच्याजवळच उघडते, म्हणून किटण पहिल्यांदा तिथे धरते. ‘उघडते’ म्हणताना त्यांच्या डोळ्यांसमोर कालव्याचे दार असते, हे ऐकणाऱ्याला समजते.

किटणाची त्यांची मांडणी मात्र ऐकण्यासारखी आहे. कुत्र्याची लाळ आपल्यापेक्षा जास्त अल्कधर्मी. त्यामुळे त्याचे दात आपल्यासारखे सहसा किडत नाहीत, पण त्यांच्यावरचा चिकट थर दोन-तीन दिवसांत कडक होऊन बसतो. एकदा कडक झाला की ब्रशने निघत नाही. म्हणून रोज घासायचे. “रविवारी?” असे एकाने विचारले होते. “रविवारी लाळ सुट्टी घेते का?” असे उत्तर मिळाले.

आता पेस्टचे. माणसाची पेस्ट कुत्र्याला चालत नाही. आपण थुंकतो, तो गिळतो, आणि आपल्या पेस्टमधले फ्लोराइड पोटात जाणे त्याला बरे नाही. काही पेस्टींत झायलिटॉल नावाची साखरेऐवजीची गोडी असते. ती कुत्र्याच्या रक्तातली साखर एकदम खाली आणते, यकृतही बिघडवते. म्हणून कुत्र्याची वेगळी पेस्ट येते, आणि ती येते कोंबडीच्या चवीची. इथे घरात पेच पडला. ब्रूनोच्या आई कांदा-लसूणही चातुर्मासात न शिवणाऱ्या. ट्यूब बेसिनवर ठेवायची नाही, फ्रिजमध्ये तर नाहीच नाही, असा त्यांनी निर्वाळा दिला. शेवटी ट्यूबला गॅलरीत चपलांच्या स्टँडवर जागा मिळाली. संकष्टीला व्हॅनिलाच्या चवीची दुसरी ट्यूब वापरली जाते. उपास कोणाचा आहे हे विचारायची सोय नाही. मे महिन्यात सुट्टीला आलेल्या भाचीच्या मुलाने एकदा चुकून कोंबडीच्या पेस्टने दात घासले. ती गिळण्यासाठीच केलेली असल्यामुळे त्याला काही झाले नाही. फक्त दिवसभर ब्रूनो त्याच्या तोंडासमोरून हलला नाही.

त्यांना विरोध करणारेही आहेत. ‘बी’ विंगमधल्या सातारच्या तात्यांचे म्हणणे असे की, गावाकडे त्यांच्या वाड्यात सहा कुत्री होती आणि एकाचेही दात कोणी घासले नाहीत. “बरोबर,” ब्रूनोचे बाबा म्हणाले, “आणि तात्या, त्यांच्या तोंडात कोणी डोकावलंही नाही. कुत्रं दुखलं म्हणून सांगत नाही, ते एका बाजूनं चावायला लागतं. घास खाली पडतो, लाळ गळते. तुम्ही म्हणत असाल, म्हातारं झालं.” तात्या त्या दिवसापुरते गप्प झाले. दुसऱ्या दिवशी कडुनिंबाची काडी घेऊन आले. काडी कुत्रा घासत नाही, फोडून गिळतो आणि तिची कूस हिरडीत शिरते, हे समजवायला आणखी एक संध्याकाळ गेली.

तिसऱ्या मजल्यावरची चेरी ही पॉमेरेनियन त्यांची दुखरी नस. लहान जातींच्या छोट्या जबड्यात दातांची दाटी होते, दुधाचा सुळा पडायच्या आतच पक्का शेजारी उगवतो आणि त्या फटीत किटणाची वसाहत होते. चेरीच्या आई तिला खाटकाकडून आणलेली, कुकरमध्ये शिजवलेली नळी देत. शिजलेल्या हाडाच्या अणकुचीदार कपच्या होतात आणि कडक हाडावर वरची मोठी दाढ उभी चिरते. ‘ज्यावर नख रुतत नाही, त्यावर दात रुतवू नये’ हे आपले सूत्र बाबांना इतके आवडते की ते त्यांनी सोसायटीच्या फळ्यावर, पाणीकपातीच्या सूचनेखाली, लिहिले होते. सेक्रेटरींनी पुसले.

चेरीचे दात भूल न देता खरवडून देतो, असे मग एका ग्रूमिंगवाल्याने सांगितले. बाबा त्या दिवशी जिना चढून वर गेले (गुडघे दुखतात, एरवी जात नाहीत). वरवरचे पांढरे झालेले दात बघून मालक खूश होतो, पण आजार असतो हिरडीच्या खाली आणि जागा कुत्रा तिथपर्यंत हत्यार जाऊ देत नाही. भूल देणारा डॉक्टर आधी रक्त तपासतो, एक्स-रे काढतो आणि मगच हात घालतो. ब्रूनोचे असेच झाले होते, सहाव्या वर्षी. त्याला आदल्या रात्रीपासून उपाशी ठेवायचे होते. त्याच्यासमोर जेवणे बरे दिसत नाही म्हणून त्या रात्री घरात चूल पेटली नाही. सकाळी त्याला भूल दिली तेव्हा बाहेरच्या बाकावर बाबांना घेरी आली आणि कंपाउंडरने त्यांना ग्लुकोज पाजले.

हे सगळे सांगताना त्यांच्या डाव्या गालात लवंग असते. खालची दाढ गेल्या दिवाळीपासून ठणकते आहे. दंतवैद्याचा दवाखाना फाटकासमोर, रस्ता ओलांडला की आला. ब्रूनोच्या आई रोज सांगतात. परवा माझ्यासमोर म्हणाल्या, “अहो, दहा मिनिटांचं काम आहे, नुसती जागेवर बधिर करतील.” त्यावर गाल धरून उत्तर आले, “पूर्ण भूल न देता केलेलं काम वरवरचं असतं.” आणि ते ब्रूनोला घेऊन खाली गेले.

माझे विचाराल तर मनुष्य पिडणारा आहे. घाईच्या वेळी समोर येऊ नये. पण दहा वर्षांचा लॅब्राडोर लिफ्टमध्ये नाकाशी येऊन धापा टाकतो आणि वास येत नाही, हे मी स्वतः अनुभवले आहे. कुत्र्याच्या तोंडाला वास यायचाच, ही समजूत जितकी जुनी तितकीच चुकीची.

तेव्हा तुमच्याकडे कुत्रा असेल तर आज त्याचा ओठ हळूच वर उचला आणि मागची वरची दाढ बघा. हिरडी लाल असेल, दाढेवर पिवळे-तपकिरी काही धरले असेल, तर सरळ जनावरांच्या डॉक्टरांकडे जा. दाढ स्वच्छ असेल तर ब्रश कसा धरायचा ते ब्रूनोचे बाबा दाखवतील, संध्याकाळी साडेसहाला, पार्किंगमध्ये. येताना जेवून या.