फुटाळ्यावरचे काका

नागपुरात प्रेम करायचं तर फुटाळा तलावावर जावं लागतं, आणि फुटाळ्यावर गेलं की कोणीतरी काका भेटतोच. काका सख्खा असायची गरज नाही. बाबांच्या ऑफिसातला, आईच्या भिशीतल्या बाईचा नवरा, कोणीही चालतो. तो भुट्टा खाता खाता एवढंच विचारतो, "काय बे, बाबा बरे आहेत न?" झालं. दोघांच्या गोष्टीत सगळं घर येऊन बसतं.

म्हणून २०१० साली सतीश राजवाडेंचा 'मुंबई-पुणे-मुंबई' सिनेमा पाहिला तेव्हा मला हेवाच वाटला होता. दोघं दिवसभर पुण्यात फिरतात आणि एकही काका आडवा येत नाही! त्यांची नावंसुद्धा आपल्याला कळत नाहीत. पण काका टळले तरी घर टळत नाही. पोरगी मुळात आलेली असते ती स्थळ पाहायलाच. २०१५ च्या दुसऱ्या भागात दोन्हीकडची मंडळी लग्नाला लागतात आणि २०१८ च्या तिसऱ्या भागात पाळणा हलायची वेळ येते.

दुसरा भाग पाहताना बायको म्हणाली, "आपला पहिला भाग झालाच नाही. आपण पोहे खाऊन एकदम दुसऱ्यापासूनच सुरू केलं." यावर मी पॉपकॉर्न पुढे केले.

आमच्या नागपूरच्या महेश एलकुंचवारांनी मात्र घर बाजूला ठेवायचा प्रयत्नच केला नाही. १९८५ च्या 'वाडा चिरेबंदी' नाटकात देशपांड्यांची रंजू शिकवणीच्या मास्तरासोबत पळून जाते, तीही घरातले दागिने घेऊन. पोरगी परत येते, दागिने येत नाहीत. प्रेमाचा हिशेब घरानं तोळ्यांत करावा, हे पाहून हसू येतं आणि लगेच जिरतं. कारण त्या वाड्यात आपलेही काका बसलेले असतात.

परवा आम्ही दोघं फुटाळ्यावर गेलो होतो. पलीकडच्या कठड्यावर शेजारची पोरगी एका पोरासोबत बसली होती. प्रश्न माझ्या ओठांवर आला होता. बायकोनं बाही ओढली. "अहो, गुपचूप भुट्टा खा न तुम्ही."

तेव्हा काकालोकहो, फुटाळ्यावर ओळखीचं पोर दिसलं तर भुट्ट्याकडे पाहा. बाबांची तब्येत त्यांच्या घरी जाऊन विचारता येते.