कंपनी विकली जाताना नोकरी कशी सांभाळावी : नवशिक्यांसाठी सहा पायऱ्या

अभिनंदन! तुमची सरकारी कंपनी विकली जाते आहे. घाबरू नका. एअर इंडियाची माणसं या वाटेने आधीच गेली आहेत : ऑक्टोबर २०२१ मध्ये टाटांची बोली जिंकली आणि २७ जानेवारी २०२२ ला ताबा गेला. त्यांच्या पावलावर पाऊल ठेवायचं, एवढंच.

साहित्य : नेमणूकपत्र, पीएफचा उतारा, क्वार्टरच्या वाटपाचं पत्र, सगळ्याच्या झेरॉक्स आणि संयम (लागेल तसा).

पायरी १ : विकलं काय, ते विचारा.
१९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्यात कलम २५-एफएफ होतं. आता तीच तरतूद नव्या औद्योगिक संबंध संहितेत आहे. उद्योगच दुसऱ्या मालकाकडे गेला, तर कामगाराला छाटणीसारखी भरपाई. मात्र नोकरी अखंड राहिली, अटी पूर्वीपेक्षा वाईट झाल्या नाहीत आणि जुनी सेवा नव्या मालकाने मान्य केली, तर दमडी नाही. तुमच्या बाबतीत एवढा विचारही करायचं कारण नाही, कारण शेअर विकले गेले. कंपनी तीच, मालक तोच. बदलला तो मालकाचा मालक.

पायरी २ : विक्री अडवायला कोर्टात धावू नका.
बाल्को या सरकारी अॅल्युमिनियम कंपनीचे लोक २००१ साली धावले होते. ५१ टक्के हिस्सा खासगी स्टरलाइटला गेला, कोरब्याच्या कारखान्यात संप झाला. डिसेंबरात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की निर्गुंतवणूक हा सरकारी धोरणाचा भाग आहे आणि असा निर्णय घेण्याआधी कर्मचाऱ्यांचं म्हणणं ऐकलंच पाहिजे असं नाही. जागा विकताना भाडेकरूला विचारत नाहीत, तसंच हे.

पायरी ३ : करार वाचा. त्यावर तुमची सही शोधू नका.
एअर इंडियाच्या करारात होतं : वर्षभर कोणाला काढायचं नाही, दुसऱ्या वर्षी काढायचं झालं तर आधी स्वेच्छानिवृत्ती (व्हीआरएस) द्यायची. नोकरीवर तेव्हा १२,०८५ माणसं होती, त्यांतली ८,०८४ कायम. ‘कायम’ या शब्दाला करारात वर्षाची मुदत होती, हे ध्यानात ठेवा. कंत्राटी असाल तर ही पायरी दोनदा वाचा.

पायरी ४ : पीएफ पाहा आणि थोडा आनंद माना.
एअर इंडियाचे पीएफ ट्रस्ट डिसेंबर २०२१ पासून ईपीएफओकडे गेले आणि मालकाचा वाटा १० वरून १२ टक्के झाला. निवृत्तांच्या औषधपाण्याची सोय केंद्र सरकारच्या आरोग्य योजनेत (सीजीएचएस) लागली. आनंद संपला असल्यास पुढे चला.

पायरी ५ : घर आवरायला घ्या.
एअर इंडियात नोकरी टाटांकडे गेली, पण मुंबईतली कलिन्याची कॉलनी व्यवहाराबाहेर राहिली. म्हणजे माणूस विकल्या गेलेल्या कंपनीत आणि त्याचं घर न विकलेल्या मालमत्तेत. सहा महिन्यांत क्वार्टर सोडा, असा निरोप आला. युनियन मुंबई उच्च न्यायालयात गेल्या. मिळालं काय, तर २४ सप्टेंबर २०२२ पर्यंतची मुदत. बांधाबांध करताना वाटपाचं पत्र वरच्या खोक्यात ठेवा, ते दाखवावं लागतं.

पायरी ६ : जुनी गाऱ्हाणी निकाली काढा. हो, आधीच.
ही पायरी बहुतेक नवशिक्यांची चुकते. एअर इंडियाच्या काही कर्मचाऱ्यांनी रखडलेल्या बढत्या आणि पगारवाढीसाठी उच्च न्यायालयात रिट केलं होतं. तेव्हा कंपनी सरकारी, त्यामुळे रिट चालण्यासारखं. तारखांवर तारखा पडल्या आणि मधल्या काळात कंपनी खासगी झाली. सप्टेंबर २०२२ मध्ये उच्च न्यायालय म्हणालं, आता ही कंपनी घटनेच्या अर्थाने ‘राज्य’ नाही, रिट चालणार नाही. मे २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तेच कायम केलं. पगार थकला तो सरकारी काळातला, दार बंद झालं ते खासगी काळात. दाद मागायला दुसरीकडे जा, ही मुभा मात्र राहिली. म्हणजे पुन्हा नवा अर्ज, नवा वकील आणि पहिली तारीख.

तेव्हा थकबाकी, बढती, वेतनश्रेणी, जे काही असेल ते लेखी मागा आणि पोच घ्या. ‘सरकारच आहे, कुठे पळून जातंय’ असं म्हणून फाइल बाजूला ठेवू नका. सरकार पळून जात नाही, हे खरंच. ते विकून मोकळं होतं.