साडेसात फरश्या

२०२१ च्या जानेवारीत आम्ही बदलापूर पूर्वेला घर घेतलं. किंमत ४० लाख. ‘घर घेतलं’ हे वाक्य त्या वर्षी मी इतक्या जणांना इतक्या पेढ्यांसकट ऐकवलं, की त्यातलं क्रियापद खोटं आहे हे लक्षात यायला मला दोन वर्षं लागली. घर घेतलं होतं बँकेने. मी फक्त पेढे वाटले होते.

दिवसच तसे होते. रिझर्व्ह बँकेचा रेपो दर ४ टक्क्यांवर उतरून तिथेच मांडी घालून बसला होता. राज्य सरकारने ३१ मार्चपर्यंत मुद्रांक शुल्कात सवलत दिली होती. भेटेल तो ‘आत्ता नाही तर कधीच नाही’ म्हणत होता. मला कर्ज मिळालं ६.८ टक्क्यांनी. इतके कमी टक्के मला भूमितीतसुद्धा पडले नव्हते, त्यामुळे मी बेसावध राहिलो.

१० लाख आमचे, ३० लाख बँकेचे, मुदत २० वर्षं, हप्ता २२,९००. सह्या करायला बाबांनाही बरोबर नेलं होतं. बाबा आयुष्यभर नोकरी करता करता ऑफिसातल्या पतपेढीचे सेक्रेटरी होते. व्याज या विषयावर त्यांच्याशी बोलणं म्हणजे माशाला पोहण्याबद्दल विचारणं. मी सह्यांच्या बत्तिसाव्या पानावर होतो, माझी सही एव्हाना दुसऱ्याच कुणाची तरी दिसायला लागली होती, तेव्हा बाबांनी समोरच्या मॅडमना विचारलं, “एकूण किती भरायचे?”

“काका, हप्ता फक्त २२,९००.”

“ते हप्त्याचं झालं. एकूण?”

मॅडमनी मोबाईलवर २२,९०० गुणिले २४० केलं आणि मोबाईल बाबांपुढे धरला. ५४ लाख ९६ हजार. बाबांनी चष्मा काढला, सदऱ्याला पुसला, परत लावला. आकडा तसाच होता.

“बाबा,” मी म्हणालो, “हल्ली असं एकूण कोणी बघत नाही.”

हे माझं वाक्य बाबांनी मुदत ठेवीत ठेवलं. तेव्हापासून ते दर काही महिन्यांनी, वाढलेल्या व्याजासकट, मला परत मिळतं.

आठवड्याभरात बँकेकडून परतफेडीचं वेळापत्रक आलं. २४० ओळी. मी ते फाइलमध्ये लावणार तेवढ्यात बायकोने हातातून काढून घेतलं. घरातला जमाखर्च तिच्याकडे असतो. माझ्याकडे फक्त खर्च असतो. तिने पहिली ओळ वाचली : हप्ता २२,९००, त्यात व्याज १७,०००, मुद्दल ५,९००.

“अहो, हे उलटं छापलंय का?”

उलटं नव्हतं. व्याज उरलेल्या रकमेवर दर महिन्याला मोजतात आणि सुरुवातीला उरलेलं असतं ते सगळंच. आधी व्याज जेवून उठतं, मग ताटात राहील ते मुद्दलाला. त्या वेळापत्रकाप्रमाणे मुद्दल निम्म्यावर यायलाच १३ वर्षं लागणार होती. यात फसवणूक कुठेही नाही. आठवीच्या पुस्तकात हेच होतं, फक्त तिथे द. सा. द. शे. भरणारा माणूस कुणी ‘अ’ असायचा. त्या ‘अ’ची दया आपल्याला कधी आली नाही, कारण तो मोठा झाल्यावर आपणच होणार आहोत हे गुरुजींनी सांगितलं नव्हतं.

माझी आई नातवाला मांडीवर घेऊन नेहमी म्हणते, “मुद्दलापेक्षा व्याज गोड.” ती हे प्रेमाने म्हणते. बँकेचंही माझ्यावर असंच प्रेम होतं, हे मला आता उमगलं.

बायको मात्र तिथे थांबली नाही. किराण्याच्या बिलाच्या पाठीवर तिने भागाकार मांडला. कार्पेट ६०० चौरस फूट, किंमत ४० लाख, म्हणजे चौरस फुटाला ६,६६७ रुपये. “म्हणजे पहिल्या हप्त्यात आपण एक चौरस फूटसुद्धा घेतला नाही,” ती म्हणाली. वामनाने तीन पावलांत तिन्ही लोक घेतले. आम्ही २२,९०० मोजून जेमतेम एका माणसाला अवघडून उभं राहता येईल एवढी जागा घेतली होती, तीही चपला बाहेर काढून.

आमच्या घरात दोन बाय दोनच्या फरश्या आहेत. एक फरशी चार चौरस फुटांची, म्हणजे २६,६६७ रुपयांची. सगळं घर दीडशे फरश्यांचं. हॉल दहा बाय पंधरा, म्हणजे साडेसदतीस फरश्या, आणि त्यांचे बरोबर १० लाख होतात. त्यामुळे हॉल आमचा, हे तत्काळ ठरलं. पाहुण्यांना आम्ही निर्धास्त हॉलमध्ये बसवू लागलो. स्वयंपाकघर, मोरी, संडास आणि बेडरूम बँकेची. ती आता एकेक फरशी करून सोडवायची. सुरुवात बेडरूमच्या खिडकीखालच्या कोपऱ्यातून करायचं ठरलं आणि खडूने हद्द आखायचं काम सात वर्षांच्या चिरंजीवांना मिळालं. हप्ता गेल्याचा मेसेज आला की ते बोटभर पुढे सरकून नवी रेघ मारायचे. मोरीत जायला निघालो की ओरडायचे, “बाबा, आता तू बँकेत चाललायस!”

आणखी एक अडचण होती. पलंगाचे पैसे नोंदणी, प्रोसेसिंग फी, वकील, सोसायटीची अनामत आणि ‘सर, हे थोडं वेगळं लागतं’ यात गेले होते. नोंदणीचेच ३० हजार. म्हणून आम्ही दोघं जमिनीवर गादी घालून झोपायचो. गादी सहा बाय पाच. म्हणजे साडेसात फरश्या. साडेसाती म्हणतात ती हीच असावी.

१७ हप्ते झाले. ३ लाख ८९ हजार ३०० रुपये भरून झाले. चिरंजीवांची रेघ चौथ्या फरशीच्या काठाला होती. अंथरूण पाहून पाय पसरावे असं आपल्याकडे सांगतात. आमचं अंथरूण साडेसात फरश्यांचं आणि फिटलेल्या फरश्या चार. पाय कितीही आवरून घेतले तरी रात्री बँकेच्या हद्दीत जायचेच. त्यात सहकर्जदार म्हणून बायकोची सही, त्यामुळे फिटलेली बाजू तिने घेतली. मी रोज रात्री बँकेत मुक्कामाला.

ऑफिसात एक अनुभवी सहकारी आहेत. त्यांनी धीर दिला. “कर्ज असू द्यावं. टॅक्स वाचतो.” त्यांचं खरं होतं. पहिल्या बारा हप्त्यांत व्याज गेलं सुमारे २ लाख. जुन्या करपद्धतीत तेव्हा कलम २४ खाली तेवढीच वजावट मिळत होती. मी २० टक्क्यांच्या टप्प्यात, त्यावर सेस, असा वाचला ४१,६०० रुपये टॅक्स. म्हणजे ४१,६०० वाचवण्यासाठी मी २ लाख खर्च केले. हे मी बाबांना अभिमानाने सांगितलं. बाबा म्हणाले, “मग ४ लाख खर्च कर. अजून वाचेल.” ही कल्पना सरकारलाही सुचली असणार, म्हणूनच वजावटीला २ लाखांची मर्यादा आहे.

त्याच सुमारास २०२२ चा मे महिना उजाडला. ४ तारखेला रिझर्व्ह बँकेचे गव्हर्नर शक्तिकांत दास अचानक टीव्हीवर आले आणि रेपो ०.४० टक्क्याने वाढवल्याचं सांगून गेले. तोवर गव्हर्नर ही व्यक्ती मी फक्त नोटेवरच्या सहीपुरती ओळखत होतो. त्या दिवसापासून कोकणातला शेतकरी जूनमध्ये आभाळाकडे बघतो तसा मी पतधोरण बघू लागलो. फरक इतकाच की शेतकऱ्याला पडायला हवं असतं आणि माझ्याकडे नुसतं चढत होतं. २०२३ च्या फेब्रुवारीपर्यंत ४ चे साडेसहा झाले. माझं कर्ज फ्लोटिंग, रेपोला बांधलेलं. फ्लोटिंग म्हणजे तरंगतं, असं मी समजत होतो. कर्ज तरंगतच होतं. पाण्याखाली मी होतो.

गंमत म्हणजे हप्ता मात्र वाढला नाही. दर महिन्याला तेच २२,९०० जात होते, त्यामुळे मी शेजाऱ्यांना “आमच्या बँकेने काही वाढवलं नाही हो” असं सांगत फिरत होतो. एप्रिलमध्ये चिरंजीव म्हणाले, “बाबा, रेघ कुठे मारू? जागाच नाहीये.” बायकोने बँकेचं ॲप उघडलं. दर ९.३ टक्के. हप्ता २२,९००. त्यात व्याज २२,२६०. मुद्दल ६४०.

सहाशे चाळीस. बायकोने निर्विकारपणे भागाकार केला. चौदा चौरस इंच. मी मोबाईल जमिनीवर ठेवून पाहिला. साधारण तेवढंच. त्या महिन्यात आम्ही मोबाईल ठेवण्यापुरती जागा विकत घेतली होती, आणि मोबाईलचा हप्ता वेगळा होता.

दुसऱ्या दिवशी बँकेत गेलो. समोरच्या साहेबांनी कीबोर्ड बडवला, स्क्रीन माझ्याकडे वळवली. “हप्ता हाच ठेवला तर अजून ४६३ महिने.”

“म्हणजे?”

“साडेअडतीस वर्षं. २०६१ पर्यंत.”

२०६१ हा आकडा मी आधी कुठेतरी ऐकला होता. घरी येताना लोकलमध्ये आठवलं. १९८६ साली, मी सहा वर्षांचा असताना, बाबांनी मला पहाटे उठवून चाळीच्या गच्चीवर नेलं होतं. हॅलेचा धूमकेतू बघायला. मला काहीही दिसलं नाही, बाबांनाही दिसलं नसावं, पण “तो बघ, तो बघ” असं ते म्हणाले आणि मीही “दिसला” म्हणालो. मग ते म्हणाले होते, “आता हा परत २०६१ ला येईल. तेव्हा तू म्हातारा असशील.”

हॅलेचा धूमकेतू २०६१ च्या जुलैमध्ये सूर्याला वळसा घालणार आहे. माझा शेवटचा हप्ता त्यानंतर, दिवाळीच्या सुमारास. म्हणजे नेपच्यूनच्याही पलीकडे जाऊन धूमकेतू वेळेवर परत आला असता आणि ८१ वर्षांचा मी त्याला गच्चीवरून सांगितलं असतं, जरा थांब, अजून तीन-चार राहिलेत.

तशी वेळ येणार नव्हती. निवृत्तीनंतर इतकी वर्षं कर्ज चालवणं बँकेलाही परवडणारं नव्हतं. साहेब म्हणाले, मुदत मूळचीच ठेवायची तर हप्ता २७,५४० करावा लागेल. आणि जमलं तर मध्येच थोडं मुद्दल भरा. “दंड?” मी विचारलं. “फ्लोटिंग गृहकर्जाला नाही. रिझर्व्ह बँकेने २०१२ सालीच बंद केलाय.” ११ वर्षं ही सोय उपलब्ध होती आणि मी तिची चौकशी करायला आलो होतो दिवाळं निघाल्यावर.

घरी मी हे सांगितलं तेव्हा बायको भाजी निवडत होती. तिने निवडणं थांबवलं नाही. म्हणाली, “भिशीचे लाख आलेत.”

ते लाख कशाचे हे मला ठाऊक होतं. अक्षय्य तृतीयेला दीड तोळ्याच्या बांगड्या घ्यायच्या म्हणून दोन वर्षं ती ते साठवत होती. त्या दिवशी घेतलेलं अक्षय राहतं म्हणतात. “अगं, पण बांगड्या...”

“अक्षय काय कमी आहे का आपल्याकडे?” ती म्हणाली. “कर्जच आहे की.”

तृतीयेच्या आदल्या दिवशी आम्ही दोघं बँकेत गेलो. साहेबांनी विचारलं, “हप्ता कमी करू की मुदत?” मी तोंड उघडलं. हप्ता कमी, म्हणजे महिन्याला थोडे मोकळे, म्हणजे एखाद्या रविवारी हॉटेल. “मुदत,” बायको म्हणाली. साहेबांनी परत कीबोर्ड बडवला. सुमारे १८ हप्ते उडाले. त्या १८ हप्त्यांचे होतात पाच लाखांच्या आसपास. एका लाखाने पाच लाखांना घरी पाठवलं होतं. बँकेने आमच्याशी इतकी वर्षं जे केलं, ते पहिल्यांदाच आम्ही बँकेशी केलं. युक्ती तीच, फक्त उलट्या बाजूने. बँक विटा विकत नाही की फरश्या विकत नाही. ती वेळ विकते आणि वेळेचा भाव पाटीवर लिहिलेला नसतो.

बाबांना फोन करून सांगितलं. पलीकडे जरा शांतता. मग म्हणाले, “आता एकूण किती?” मी सांगितलं. यावेळी मला पाठ होतं.

रेपो पुढे उतरलाही. २०२५ च्या जूनपर्यंत पूर्ण एक टक्का. पण त्याच वर्षी सोनं तोळ्याला लाखाच्या वर गेलं. त्यामुळे आमच्या घरात रेपोचा विषय निघतो, सोन्याचा निघत नाही. कधी चुकून बातम्यांत भाव आला तर मी उठून स्वयंपाकघरात जातो. म्हणजे बँकेत.

पण मी सांगत होतो ते त्या संध्याकाळचं. बँकेतून घरी आलो तेव्हा चिरंजीव खडू घेऊन दारातच उभे होते. आधी पावणेपाच फरश्या होत्या, त्या दिवशी पावणेचार वाढल्या. पहिल्या १६ महिन्यांनी जेवढं दिलं नव्हतं तेवढं एका संध्याकाळी मिळालं. रेघ सरकवता सरकवता त्यांचा खडू संपला.

रात्री गादी घातली. साडेसात फरश्या, सगळ्या आमच्या. उरलेल्या एका फरशीवर बायकोने पाण्याचा तांब्या ठेवला. दिवा मालवल्यावर मी हळूच पाय लांब केले. कुठेच लागले नाहीत.